मटारामागचा बांगडा

१ जानेवारी, बुधवार

लॅबमधून याही वर्षी डायरी आली. निवृत्त होऊन सात वर्षं झाली तरी डॉक्टरांच्या यादीतून माझं नाव कुणी काढलेलं नाही. दर वर्षी मी ती खालच्या मजल्यावरच्या रसिलाबेनच्या नातीला चित्रं काढायला देते. या वर्षी ठेवून घेतली, कारण मन थाऱ्यावर नाही आणि सांगायला कुणी नाही. जिला सगळं सांगते तिच्याबद्दलच सांगायचं आहे.

झालं असं. सकाळी मटार काढायला फ्रीझर उघडला. रविवारी आम्ही दोघींनी पाच किलो सोलून पिशव्या भरून ठेवल्या होत्या. एक पिशवी ओढली तर मागे एक चपटं पाकीट. घट्ट प्लास्टिक, आत काहीतरी सोनेरी. चष्मा लावला. वर परदेशी लिपीतलं काहीबाही आणि खाली बारीक इंग्रजीत 'स्मोक्ड मॅकरेल'. मॅकरेल म्हणजे बांगडा! बरं, लेबल वाचायचीही गरज नव्हती. पाठीवरचे ते काळे पट्टे बघून मी झोपेतसुद्धा ओळखला असता. धुरी दिलेला, चिरून साफ केलेला, एवढ्या थाटात बसलेला बांगडा मी जन्मात पाहिला नव्हता.

या घरात तीन वर्षांत मासा आलेला नाही. घरात माणसं दोन. मी आणि माझी सून यशश्री. मी आणलेला नाही.

जसा होता तसा ठेवून दिला. मटारही काढायचे विसरले. दुपारी वरणभात खाल्ला.

३ जानेवारी, शुक्रवार

ती काही बोलली नाही. मीही विचारलं नाही. विचारायचं तरी काय? सदतीस वर्षांची बाई आहे, वाघोडियाच्या कारखान्यात क्वालिटीचा अख्खा विभाग सांभाळते. सकाळी साडेसातला कंपनीची बस, संध्याकाळी पावणेसातला घरी. तिने फ्रीझरमध्ये काय ठेवावं हे मी विचारणार?

माझा समरजित गेला त्याला नोव्हेंबरात तीन वर्षं झाली. मेंदूत रक्तस्राव, दोन दिवसांत खेळ संपला. मूलबाळ नव्हतं. यशश्रीचं माहेर पनवेलचं, ती सहज परत गेली असती. नाही गेली. "आई, मी इथेच आहे ने," म्हणाली. इथे बडोद्यात, आमच्या अकोट्यात सगळे म्हणतात, सून नाही, लेक आहे. मीही म्हणते. म्हणताना छाती जरा फुगते हे कबूल करते.

आज पाकीट गाजराच्या डब्याखाली होतं. मी मटारामागे ठेवलं होतं. फ्रीझर तरी असं सामान हलवत नाही. बाहेर काढून उलटंसुलटं करून पाहिलं, फक्त कुठून गळतंय का म्हणून. वासही घेतला. प्लास्टिकला कसला वास येणार? पुन्हा मटारामागे ठेवलं.

५ जानेवारी, रविवार

कोडं सुटलं. म्हणजे अर्धं सुटलं आणि उरलेलं जास्त वाईट झालं.

अकराच्या सुमाराला बेल वाजली. दारात उंच, चष्म्यातला, बरा दिसणारा माणूस. निहार. यशश्रीच्या कंपनीतला. बडोद्याचाच, घरी मराठी बोलणारा. तीन महिने नॉर्वेला ट्रेनिंगसाठी होता, गेल्या महिन्यात परत आला. कुठलीशी फाइल द्यायला आला होता. फाइल द्यायला रविवारी घरी! आमच्या वेळी फायली ऑफिसातच देत असत.

मी चहा टाकला. आणि चहा ओतत असताना तो हसत म्हणाला, "मग? बांगडा खाल्लात की नाही अजून?"

यशश्रीचा चेहरा असा झाला की मला तिचीच दया आली. "नाही अजून. वेळच नाही मिळत," म्हणाली आणि माझ्याकडे न बघता बिस्किटांची बशी त्याच्यासमोर सरकवली.

"अरे, पंधरा मिनिटांचं काम आहे, काकू," तो मलाच सांगायला लागला. बोलका प्राणी. "पास्ता उकळत ठेवायचा. तोवर लोण्यावर लसूण, मग क्रीम, मिरी. बांगडा शिजलेलाच असतो, शेवटी नुसते तुकडे घालायचे. वरून लिंबू. तिकडे दमून आलो की आम्ही हेच खायचो. मी हिला म्हटलं, तुला माशाची एवढी आवड, एक पाकीट तुझ्यासाठी आणतो."

माशाची एवढी आवड. हे याला कसं ठाऊक?

तो गेल्यावर मी फक्त म्हटलं, "चांगला वाटला." ती म्हणाली, "हो, चांगला आहे." झालं. एवढ्यावर मी दिवसभर रवंथ करते आहे. लग्न झालेलं आहे का त्याचं? बोटात अंगठी नव्हती. शोभला असता, ते जाऊ दे. मी पुढारलेली बाई आहे, तिने पुन्हा लग्न करावं असं मी चार लोकांत म्हणतेसुद्धा. पण म्हणणं वेगळं आणि दारात चष्मेवाला येऊन उभा राहणं वेगळं. तो परत येऊ नये असं वाटलं. लिहून टाकते, खोटं कशाला.

६ जानेवारी, सोमवार

रसिलाबेन कोथिंबीर घेऊन वर आल्या होत्या. आमच्या सोसायटीत मासेमटण चालत नाही असं कुठे लिहिलेलं नाही, पण भिंतींना ठाऊक आहे. त्या आमच्या स्वयंपाकघरात उभ्या राहून कौतुकाने म्हणाल्या, "अहल्याबेन, हवे तो तमे एकदम अमारा जेवा थई गया." तुम्ही आता अगदी आमच्यासारख्या झालात. त्यांचा हात माझ्या खांद्यावर आणि त्यांच्यामागे फ्रीझर.

मागे एकदा हेच म्हणाल्या होत्या तेव्हा मला बरं वाटलं होतं. आज राग आला. बाई बिचारी प्रेमाने बोलत होती.

पाकीट आज वरच्या कप्प्यात, बर्फाच्या ट्रेशेजारी.

८ जानेवारी, बुधवार

हसावं की रडावं कळत नाही.

खंडेराव मार्केटला गेले होते. यंदा लीलं म्हणजे ओलं लसूण काय सुरेख आलंय! पातीसकट जुडी घेत होते तर मागून "काकू!" निहार. आणि त्याच्याबरोबर गोल चेहऱ्याची, हातात दोन पिशव्या घेतलेली बाई. "ही मोहना, माझी बायको."

बायको! मी इतकी खूश झाले की तिच्या हातात लसणाची एक जुडी कोंबलीच. तिला काय वाटलं असेल देव जाणे. तीन दिवस मी या भल्या माणसाचं मनातल्या मनात लग्न लावत होते आणि मोडत होते.

मग मोहना म्हणाली, "काकू, तुमच्याशी एकदा बोलायचंच होतं. यशश्रीताईंना जरा समजवा ने. असा चान्स परत मिळत नाही."

"कसला चान्स?"

निहारने तिच्याकडे असं पाहिलं की बाई गप्प झाली. पण मी एकतीस वर्षं लॅबमध्ये लोकांच्या शिरेतून रक्त काढलं आहे, याच्या तोंडून चार वाक्यं काढणं काय अवघड? नॉर्वेच्या कारखान्यात दोन वर्षांसाठी एक जागा. कंपनीने निहारला नाही, यशश्रीला विचारलंय. मार्चमध्ये जायचं. तिने नाही म्हणून सांगितलं. साहेब म्हणाले, पुन्हा विचार कर, सतरा तारखेपर्यंत सांग.

"नाही का म्हणाली?"

निहार चष्मा पुसायला लागला. "म्हणाली, आईंना सोडून जाता येणार नाही."

रिक्षात बसल्यावर मला बरं वाटलं. हे इथे लिहिते कारण ही डायरी कुणी वाचणार नाही. ती जाणार नाही, माझ्यासाठी जाणार नाही, हे ऐकून मला आधी गार पाण्याचा घोट घेतल्यासारखं बरं वाटलं. विश्वामित्रीचा पूल ओलांडेपर्यंत ते टिकलं. मग उतरलं.

९ जानेवारी, गुरुवार

तिला विचारलं नाही. ती स्वतः सांगेल असं वाटून तीनदा चहा केला. तिने तीन चहा प्यायले.

१० जानेवारी, शुक्रवार

बसून राहवत नव्हतं म्हणून पास्ता करून पाहिला. बांगड्याला हात लावला नाही, नुसता पास्ता. नळ्यांचं पाकीट कोपऱ्यावरच्या दुकानात मिळालं, क्रीमचा डबाही. तिला सांगितलं, रसिलाबेनच्या नातीला आवडतो, शिकते आहे.

पहिला प्रयोग साफ फसला. नळ्या शिजता शिजता खिरीच्या शेवयांसारख्या झाल्या. क्रीम उकळलं, त्यातच मी लिंबू पिळलं आणि बघता बघता दूध नासावं तसं सगळं फाटलं. वर सवयीने हिंगाची चिमूटही गेली हातून. यशश्रीने बशीभर खाल्लं आणि "छान झालंय, आई," म्हणाली.

मला तेव्हा तिच्या हातातली बशी ओढून घ्यावीशी वाटली. छान कुठे झालंय? फाटलंय, चिकट झालंय, हिंग मारतोय. सांग की. ही मुलगी कारखान्यात केसाएवढ्या चिरेसाठी सबंध माल परत पाठवते आणि माझ्यासमोर असलं मुकाट्याने खाते. कधीपासून खाते आहे?

११ जानेवारी, शनिवार

दुसरा प्रयोग, ती नसताना. नळ्या आठच मिनिटं, जरा कडक असतानाच काढल्या. त्यांचं पाणी वाटीभर राखून ठेवलं, सॉस घट्ट झाला की तेच घालायचं. क्रीम मंद आचेवर, उकळी येऊ द्यायची नाही. लिंबू गॅस बंद केल्यावर. जमलं. गोड लागत होतं थोडं. त्यात काहीतरी खारट, तेलकट, धुराचं पाहिजे हे माझ्या जिभेला लगेच कळलं.

फ्रीझर उघडून पाहिला. पाकीट जाग्यावर होतं. म्हणजे माझ्या जाग्यावर नाही, पण होतं.

१३ जानेवारी, सोमवार. भोगी

भोगीची भाजी केली, बाजरीची भाकरी केली. बाहेर पोरं आतापासूनच पतंग उडवतायत. माझं एका कामात लक्ष नाही. आज जे लिहायचं टाळते आहे ते लिहूनच टाकते.

हे गेले त्याला अकरा वर्षं झाली. बाळकृष्णपंतांना रविवारी मासे लागायचेच. खिडक्या बंद, ऊद पेटवलेला आणि आत तव्यावर बोंबील. ते गेले आणि मी मासे सोडले. कुणी सांगितलं नव्हतं. सासूबाईंनी सोडले होते, माझ्या आईने सोडले होते, मीही सोडले. समरजित आणि यशश्रीसाठी करत मात्र होते. आठ वर्षं मी मीठ न चाखता, नुसत्या वासावर कालवण केलं. दोघं बोटं चाटायची. यशश्री काटेसुद्धा चघळून सोडायची, समरजित तिला मांजर म्हणायचा.

मग समरजित गेला. गोडाचं झाल्यावर माहेरच्यांनी तिखटाचं जेवण करायचं अशी आमच्यात पद्धत आहे. दुखवटा संपला, माणसांनी पुन्हा जेवाखायला लागावं म्हणून. पनवेलला तिच्या आईने पान वाढलं. माझ्या पानात वरणभात, बाकी सगळ्यांच्या पानात सुरमई. यशश्रीच्याही. तिच्या आईने स्वतःच्या हाताने तुकडी ठेवली. यशश्रीने माझ्याकडे पाहिलं.

मला ते दिसलं होतं. आजवर मी स्वतःला सांगत आले की मला ते दिसलंच नव्हतं. ती विचारत होती. एक मान हलवायची होती मला. मी माझ्या वरणभाताकडे बघत राहिले. तिने तुकडी पानाच्या कडेला सरकवली आणि वरण मागितलं. तिची आई रडायला लागली. सगळ्यांना वाटलं, जावयासाठी रडते आहे.

त्या दिवसापासून तिने मासा खाल्ला नाही. आणि मी अकोटाभर सांगत हिंडले की तिने आपण होऊन सोडलं, मी एका शब्दाने बोलले नाही. खरंच होतं की ते.

१४ जानेवारी, मंगळवार. संक्रांत

तिळगूळ झाला. यशश्री दिवसभर धाब्यावर, म्हणजे गच्चीवर, सोसायटीच्या पोरांबरोबर. तिचा पतंग चांगला चढतो. रसिलाबेननी उंधियू पाठवला. मला खाली घरात ऐकू येत होतं, यशश्री "कायपो छे!" करून ओरडत होती. घरात ती कधी इतक्या मोठ्याने बोलत नाही.

उद्या किंक्रांत. या दिवशी कुठलंही नवं काम सुरू करू नये असं आमच्याकडे मानतात. इथल्या लोकांची मात्र ती वासी उत्तरायण, उद्याही सुट्टी, सगळी सोसायटी धाब्यावर असेल. खाली चिटपाखरू नसेल. शिवाय उद्या बुधवार आहे.

पाकीट फ्रीझरमधून काढून खाली फ्रीजमध्ये ठेवलं.

१५ जानेवारी, बुधवार. किंक्रांत

जे झालं ते क्रमाने लिहिते.

साडेबाराला पाणी उकळत ठेवलं. पाण्यात मीठ, मग नळ्या. शेजारी कढईत लोणी, त्यात लीलं लसूण पातीसकट बारीक चिरून, मूठभर मटार. क्रीम. मिरी जाडसर कुटून. मग कात्रीने पाकीट कापलं.

वास आला. धूर होता, लाकडाचा. आणि त्याखाली बांगडा. आमच्या तव्यावरचा नव्हे, पण त्याच घराण्यातला. कातडी अलगद सुटली. काटे चाचपून काढले, बोटांना अजून आठवत होतं कुठे असतात ते. तुकडे कढईत टाकले, वाटीभर राखलेलं पाणी घातलं, गॅस बंद केला, लिंबू पिळलं. सगळं मिळून सतरा मिनिटं. निहारपेक्षा दोन जास्त.

खिडकी बंद करायला गेले आणि केली नाही. का केली नाही ते सांगता येणार नाही. उलट दुसरीही उघडली.

पाच मिनिटांत दारावर टकटक. रसिलाबेन, गॉगल डोक्यावर, धाब्यावरून धावत आलेल्या. "अहल्याबेन, कंई बळ्युं लागे छे!" काहीतरी जळलंय वाटतं.

"बळ्युं नथी, रसिलाबेन," मी म्हटलं. "माछली छे." जळलं नाही, मासा आहे.

मी मनात म्हटलं, झालं, आता सोसायटीची मीटिंग. त्यांनी एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा आत कढईकडे. मग म्हणाल्या, "बाळकृष्णभाई हता त्यारे अमे रविवारे रसोडानी बारी बंध राखतां." ते होते तेव्हा आम्ही रविवारी आमची खिडकी लावून घ्यायचो.

म्हणजे इतकी वर्षं यांना ठाऊक होतं! आणि मी उगाच ऊद जाळत होते.

"बुधवारे पण?" त्यांनी विचारलं.

"बुधवारे पण," मी म्हटलं. "ने शुक्रवारे."

"सारुं," म्हणून त्या पदराने नाक झाकत वर निघून गेल्या. आवडलं असं म्हणता येणार नाही. पण गेल्या.

मग यशश्री आली. पाणी प्यायला उतरली होती. उन्हाने नाक लाल, मांजाने कापलेल्या बोटांना चिकटपट्ट्या. दारातच थबकली.

"आई?"

"हात धू. गार झालं की क्रीम घट्ट होतं."

टेबलावर दोन बशा होत्या. तिने दोन्हींकडे पाहिलं. हात न धुताच बसली. चमचा उचलला नाही. माझ्याकडे पाहिलं. तसंच.

या वेळी मी खाली पाहिलं नाही. चमच्यात बांगड्याचा मोठा तुकडा घेतला आणि तिच्या देखत तोंडात घातला.

अकरा वर्षांनी. आधी धूर लागला, मग मीठ, मग ते तेल जिभेवर पसरलं आणि मग तो स्वतः आला. माझ्या डोळ्यांतून पाणी आलं. ह्यांच्या आठवणीने नाही, समरजितच्याही नाही. चवीने आलं. इतकं चांगलं लागत होतं आणि इतकी वर्षं मी ते कुणासाठी सोडलं होतं हे मला त्या घडीला आठवेना.

"माझ्यासाठी मोडलंत?" यशश्री म्हणाली. आवाज कापत होता. मला वाटलं, गहिवरली. गहिवर कसला, चिडली होती. "माझ्यासाठी कशाला? मी मागितलं होतं का? मग तेव्हा का नाही बोललात? पनवेलला? मी तुमच्याकडे बघत होते, आई! एक शब्द बोलायचा होता ने. नुसतं 'खा' म्हणायचं होतं. माझी आई आजही मला विचारते, तुला तिथे कुणी बंदी केली आहे का. मी काय सांगू? कुणी नाही केली. कुणीच काही केलं नाही!"

घरात ती कधी ओरडत नाही असं मी कालच लिहिलं होतं.

मला सांगता आलं असतं की माझं लक्ष नव्हतं. ओठांवर आलंही होतं. पण तोंडात अजून त्या माशाची चव होती आणि त्या चवीवर खोटं बोलवेना.

"म्हटलं असतं तर तू खाल्लं असतंस," मी म्हणाले. "मग मी एकटीच उरले असते तशी. मला तू माझ्यासारखी व्हायला हवी होतीस. माझा मुलगा गेला होता, यशश्री. मला कुणीतरी बरोबर हवं होतं, म्हणून मी गप्प बसले. आणि तू नॉर्वेला नाही म्हणालीस तेव्हाही मला बरं वाटलं. तेही सांगते."

वर कुणाचा तरी पतंग कापला, सबंध धाबं ओरडलं.

"कुणी सांगितलं?"

"मोहनाने. तिला काही बोलू नकोस, मीच काढून घेतलं. हो म्हण कंपनीला."

"आणि तुमचं?"

"माझं काय? मी सदुसष्ट वर्षांची आहे, सात वर्षांची नाही."

"सगळं तुम्हीच ठरवा," ती म्हणाली. "मासे सोडायचे तुम्ही ठरवा, धरायचे तुम्ही ठरवा, मी जायचं ते पण तुम्ही ठरवा. मला जायचंय का ते विचारलंत?"

नव्हतं विचारलं. पाच दिवस मी पास्ता शिकत होते, ते विचारायला अर्धं मिनिट पुरलं असतं.

"जायचंय तुला?"

तिने चिकटपट्टी लावलेल्या बोटांनी डोळे पुसले. "हो," म्हणाली. "खूप. मला इतकं जायचंय की मला लाज वाटत होती."

आणि मग तिने खाल्लं. रागातच खाल्लं. बशी संपवली, मग कढई पुढे ओढली, नळ्या बाजूला सारून बांगड्याचे तुकडे वेचून काढले, शेवटी कातडीसुद्धा खाल्ली जी मी टाकून द्यायला ठेवली होती. मला विचारलं नाही हवंय का म्हणून. मी बघत बसले. माझ्या पोटात भूक होती आणि मला तिला थांबवायचं नव्हतं.

"मटार जास्त झालेत," उठताना म्हणाली. "आणि मीठ पाण्यातच आहे, सॉसमध्ये नाही."

तीन वर्षांत तिने माझ्या स्वयंपाकाला पहिल्यांदा नाव ठेवलं.

१६ जानेवारी, गुरुवार

राग गेलेला नाही. कामापुरतं बोलते. "दूध आलं." "गॅसवाला येणार आहे." संध्याकाळी टेबलावर लॅपटॉप उघडून बसली, काहीतरी लिहिलं, वाचलं, पुन्हा लिहिलं. मग म्हणाली, "पाठवलं."

"हो म्हणून?"

"हो म्हणून. नऊ मार्चला निघायचं."

मी "छान" म्हणाले आणि न्हाणीघरात जाऊन नळ सोडून रडले. आनंदाचे अश्रू वगैरे काही नव्हते. ती जाणार म्हणून रडले, मला सोडून जाणार म्हणून. बाहेर आले तर दाराशी टॉवेल घेऊन उभी होती. टॉवेल माझ्या हातात दिला आणि तिथून हलली नाही. आम्ही दोघी तशाच उभ्या होतो.

१७ जानेवारी, शुक्रवार

ती बसला गेली आणि मी पिशवी घेऊन निघाले. मासळीबाजारात तीन वर्षांनी पाय ठेवला. चपला भिजल्या. जुनी कोळीण दिसली नाही, तिच्या जागी तिची सून असावी, तसाच आवाज, तसाच तोरा. बोंबील ताजे होते, पारदर्शक, बोटात धरवेनात असे.

"केटला जणनुं, बा?" तिने विचारलं. किती जणांचं?

"बे जणनुं," मी म्हटलं. दोघींचं.

तिने मोजून पिशवीत घातले, वर कोथिंबिरीची काडी ठेवली. मी निघाले आणि चार पावलांवर थांबले. नऊ मार्च. तोवर किती बुधवार, किती शुक्रवार, ते तिथेच उभं राहून बोटांवर मोजून झालं. त्यानंतर ही बाई मला हेच विचारेल आणि मला एकीचं म्हणावं लागेल. एकीसाठी ऊद नाही, पाहुणे नाहीत, निमित्त नाही. एकीसाठी तवा तापवायचा.

परत वळले. एकीपुरतं थोडंसं देशील ना, असं तिला विचारलं, "एक जण माटे आपीश ने? थोडुंक?"

"केम नहीं आपुं?" ती हसली. "एक जणने भूख नथी लागती?" एकट्या माणसाला भूक लागत नाही का?

लागते, म्हटलं.